‘हमारा शहर’ : वाढत्या मुंबईचा हरवलेला कर्ता



शहर वाढतें म्हणजे नेमकें काय होतें? शाळेंत आम्ही मुलांना सांगत असूं : सात बेटें जोडलीं गेलीं, १८५३ सालीं बोरीबंदराहून ठाण्यास आगगाडी धांवली, गिरण्या उभ्या राहिल्या आणि मुंबई वाढली. या वाक्यांत कर्ता कोठें आहे? व्याकरण शिकविणारा मास्तर हा प्रश्न विचारणारच! भराव कोणीं घातला, रूळ कोणीं टाकले, हें धड्यांत येत नसे.

हा कर्ता पडद्यावर आणण्याचा मोठा प्रयत्न आनंद पटवर्धन यांनीं १९८५ सालीं ‘हमारा शहर’ या माहितीपटांत केला. माहितीपटांत नट नसतात, रचलेलें कथानक नसतें. माणसें जेथें राहतात तेथेंच त्यांना बोलूं द्यावयाचें आणि मग त्या चित्रणांतून निवड करून जुळणी करावयाची, अशी ही रीत. दिग्दर्शकाचें मत या जुळणींतच कळतें. येथें एकीकडे झोपड्या पाडल्या जात आहेत आणि दुसरीकडे सुखवस्तु नागरिक झोपडपट्ट्यांविषयीं तक्रार करीत आहेत. अधिक भाष्याची गरज उरत नाहीं.

त्या काळची परिस्थिति ध्यानांत घेतली पाहिजे. बृहन्मुंबईची लोकसंख्या १९५१ सालीं सुमारें ३० लक्ष होती, ती १९८१ सालीं ८२ लक्षांवर गेली. घरें त्या मानानें वाढलीं नाहींत. १९८१ च्या जुलैमध्यें, ऐन पावसाळ्यांत, पदपथांवर व झोपड्यांत राहणाऱ्यांना हुसकून लावण्याची मोहीम राज्य सरकारनें काढली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलें. जीविताच्या हक्कांत उपजीविकेचा हक्क येतो, हें न्यायालयानें १९८५ च्या निकालांत मान्य केलें; कारण झोपडी कामाजवळ असते, ती गेली कीं कामही जातें. मात्र पावसाळा संपल्यावर पदपथांवरील झोपड्या हटविण्यास मुभाही दिली. तत्त्व राहिलें, छप्पर गेलें!

या चित्रपटांतील एक प्रसंग मला फार मोलाचा वाटतो. वस्तींतील एक बाई चित्रण करणाऱ्यांवरच संतापते. आमचीं चित्रें घेऊन आम्हांला काय मिळणार, असा तिचा रोख आहे. दिग्दर्शकाला हा भाग सहज कापतां आला असता. त्यानें तो ठेवला. पाहणाऱ्यालाही तो प्रश्न चुकवितां येत नाहीं.

याच चित्रपटांत शाहीर विलास घोगरे गातात. निरनिराळ्या गांवांहून आलेलीं माणसें एका वस्तीचीं होतात तीं केवळ शेजारामुळें नव्हेत. सभा, जयंत्या आणि गाणीं यांनीं तें नातें घडतें. पुढें ११ जुलै १९९७ रोजीं घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरांत डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधार्थ जमलेल्या लोकांवर पोलिसांनीं गोळीबार केला आणि दहा माणसें मृत्यु पावलीं. त्या दुःखानें घोगरे यांनीं थोड्याच दिवसांत आपलें जीवन संपविलें.

येथूनच पटवर्धनांच्या दुसऱ्या चित्रपटाचा आरंभ झाला. चौदा वर्षें चित्रण करून २०११ सालीं त्यांनीं ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा केला. तो तीन तासांहून मोठा आहे, आणि इतका वेळ देण्यास आपण सहसा कुरकुरतों. तरी जमल्यास आधीं ‘हमारा शहर’ पाहावा. घोगरे यांना त्यांत गातांना ऐकावें, आणि मग दुसरा लावावा.