एकोणीस मिनिटांचा अवघडलेपणा

साडेसहा फुटांहून उंच एक कलाशिक्षक कॅमेऱ्यासमोर उभा राहतो, हात जरासा हलवतो आणि म्हणतो, ‘मी कला निर्माण करतो आहे.’ मग दुसरी हालचाल, पुन्हा तेच वाक्य. असं सुमारे १९ मिनिटं चालतं. जॉन बाल्डेसारी या अमेरिकी कलाकाराची ही १९७१ सालची कृष्णधवल चित्रफीत. आधी हसू येतं, मग कंटाळा, आणि पुढे हा माणूस थांबत का नाही, या विचाराने आपणच अवघडून जातो.

या विनोदाची वाट एका यंत्राने मोकळी केली. १९६७ मध्ये सोनीचा ‘पोर्टापॅक’ हा खांद्यावरून नेता येणारा व्हिडिओ संच आला. कलाकाराला स्टुडिओत एकट्यानेच चित्रण करता येऊ लागलं. टेपचं संकलन मात्र जिकिरीचं, त्यामुळे प्रसंग बहुधा सलग चित्रित होई. रंगमंचावर विनोद पडला, तर मुरलेला नट तो सावरून घेतो. इथे समोर प्रेक्षकच नाहीत. पडलेला विनोद तसाच टेपवर राहतो.

त्या काळात ब्रूस नाऊमन यांच्यासारखे कलाकार स्टुडिओतलं साधं चालणंही कला म्हणून मांडत होते. कलाकाराने केली म्हणजे ती कला, हा दावा बाल्डेसारींनी स्वतःच्याच शरीरावर ताणून पाहिला. १९७० मध्ये त्यांनी आपली १९५३ ते १९६६ या काळातली, जवळ उरलेली चित्रं जाळून टाकली होती. १९७२ मध्ये त्यांनी कुंडीतल्या रोपाला कार्डं दाखवून इंग्रजी मुळाक्षरं शिकवली. त्याच वर्षी कलाकार सोल लेविट यांची संकल्पनात्मक कलेवरची, म्हणजे वस्तूपेक्षा कल्पनेला महत्त्व देणाऱ्या कलेवरची, ३५ वाक्यं लोकप्रिय चालींवर गाऊन दाखवली.

त्याच काळात अशाच फिती करणाऱ्या विल्यम वेगमन यांचा विनोद अधिक मायाळू. एका छोट्या फितीत ते डिओडरंटची तारीफ करत काखेत फवारा मारतात, आणि तो मारतच राहतात. ‘स्पेलिंग लेसन’मध्ये विद्यार्थी आहे त्यांचा वायमरानर जातीचा कुत्रा, मॅन रे. वेगमन त्याला स्पेलिंगच्या चुका गंभीरपणे समजावतात. तो मान कलती करून ऐकतो. आपण हसतो ते गुरुजींना.

शिक्षक, कलाकार, जाहिरातदार या सगळ्यांना अधिकारवाणीने बोलण्याची सवय असते. तिचा फोलपणा दाखवताना या दोघांनी दुसऱ्या कुणाला लक्ष्य केलं नाही, स्वतःलाच पुढे केलं. यात मला मोठं धैर्य दिसतं. दुसऱ्याची फजिती करून हशा मिळवणं त्यापेक्षा कितीतरी सोपं.

आज फोनवर नकोसा क्षण एका बोटाने कापता येतो. म्हणूनच या फिती पाहायला मिळाल्या, तर त्या पुढे ढकलू नका. कंटाळ्यासकट शेवटपर्यंत पाहा; त्यांचा खरा विनोद तिथेच उलगडतो.