अक्षराआधी अर्थ

मोडीच्या वर्गाला नवा माणूस आला की पहिल्या दोन-चार दिवसांत एक प्रश्न हमखास विचारतो. ‘ध’चा ‘मा’ खरंच होतो का हो? फळ्यावर काढून दाखवा ना. ३० ऑगस्ट १७७३ ला शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला आणि त्याआधी चिठ्ठीतल्या ‘धरावे’चं ‘मारावे’ आनंदीबाईंनी केलं, हे मराठी माणसाला इतिहासाचं पुस्तक हातात पडायच्या आधीपासून ठाऊक असतं. आमच्या बाई फळ्याकडे वळत नाहीत. “तो कागद आणा, मग अक्षर बघू,” म्हणतात आणि पुढच्या ओळीला लागतात. कागद आणणार कुठून? तो आजवर पुढे आलेलाच नाही. रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी केली, राघोबादादांना दोषी धरलं, हा इतिहास. चिठ्ठीतलं ते एक अक्षर मात्र सांगीवांगीच्या कथांतून आणि नाटकांतून आपल्यापर्यंत पोचलं आणि वाक्प्रचार होऊन बसलं.

मोडीची मुळाक्षरं आठवड्याभरात येतात. मग बाई पेशवाईतल्या एखाद्या कागदाची झेरॉक्स हातात देतात आणि वर्ग गप्प होतो. शिकलेलं एकही अक्षर तिथे ओळखीचं वाटत नाही. लिहिणाऱ्याने आधी ओळभर रेघ ओढून घेतलेली असते आणि तिच्याखाली बोरू शक्यतो न उचलता तो धावत सुटलेला असतो. शब्द तोडलेले नाहीत, विरामचिन्हं नाहीत. वेलांटी एकच, उकारही एकच, ऱ्हस्व-दीर्घाची भानगडच नाही. अनुस्वार लिहिणाऱ्याच्या मर्जीवर. ‘दोनशेतकरी’ अशी अक्षरं सलग आली तर दोन शेतकरी आले, की कुणी दोन शेतं करत होता, हे त्या अक्षरांकडे कितीही टक लावून पाहिलं तरी कळत नाही. आधीची ओळ वाचावी लागते, पुढचीही.

इथे नवशिका घसरतो. दोन अक्षरं लागली की तिसरं तो अंदाजाने भरतो, चौथं त्या अंदाजाला जुळवून घेतो, आणि वाक्य असं झकास जमतं की त्यावर शंका घ्यावीशीच वाटत नाही. बाईंची रीत याच्या उलट आहे. कागद हातात आला की त्या वाचायला सुरुवातच करत नाहीत. आधी खात्रीचे शब्द शोधतात. मायन्यातला ‘राजश्री’, मजकुरातले ‘मौजे’, ‘परगणे’, शेवटचा ‘जाणिजे’. हे शब्द कुठे असणार हे ठरलेलं असतं. त्यांतून या कारकुनाचा ‘र’ कसा, ‘ज’ कसा, ‘ग’ कसा हे वेगळ्या कागदावर उतरवून घेतात. हा त्या एका हाताचा तक्ता. चिटणिसी, बिवलकरी, रानडी अशी वळणांची नावं पुस्तकात असतात, पण खेड्यातल्या कुलकर्ण्याने घाईत खरडलेल्या कागदाला यातलं कुठलंच नाव लागत नाही. तक्ता झाला की मगच पहिली ओळ. अडलेल्या अक्षराशी त्या टिंब देतात आणि पुढे जातात. पानाच्या शेवटी पोचेपर्यंत निम्मी टिंबं आपोआप सुटलेली असतात.

मग संक्षेप. ‘मा।निले’ म्हणजे मशारनिल्हे, म्हणजे वर सांगितलेला माणूस. ‘रा।’ म्हणजे राजश्री. याच उभ्या रेघा हिशेबात आल्या की त्यांचा अर्थ पालटतो. आकड्यापुढे एक रेघ असेल तर पाव, दोन असतील तर अर्धा, म्हणून ‘२॥’ हे अडीच. धान्याच्या यादीत एकाच ओळीवर दोन्ही प्रकारच्या रेघा येतात आणि एका रेघेच्या चुकीने बेरीज बसत नाही. बेरजेची ही गोष्ट मला फार आवडते. पत्र चुकीचं वाचलं तर पत्र तक्रार करत नाही, हिशेब मात्र लगेच ओरडतो.

तारखेचा प्रकार तर स्वतंत्र विद्याच. दिवस आणि महिना हिजरी चांद्र, त्याच्या आधी चंद्राचा ‘छ’. वर्ष मात्र शुहूर सनाचं, तेही आकड्यात नाही तर अरबी संख्यावाचक शब्दांत, एकं-दहं अशा उलट चालीने. ‘इहिदे सितैन मया व अलफ’ म्हणजे एक, साठ, शंभर आणि हजार, एकूण ११६१. हे वर्ष सूर्य मृगात शिरला की, म्हणजे जूनच्या सुरुवातीला बदलतं, म्हणून त्याला मृगसालही म्हणतात. पेरणीच्या सुमाराला वर्ष बदलणं जमाबंदीच्या सोयीचंच. पत्र जूननंतरचं असेल तर त्यात ५९९ मिळवायचे, जानेवारीनंतरचं असेल तर ६००. ११६१ मध्ये ६०० मिळवा, १७६१ येतं. पानिपतचा जानेवारी याच सालात पडतो. एवढं करून झालं की जंत्री काढून वार जुळतो का ते पाहायचं. जुळला नाही तर महिना पुन्हा वाचायचा.

इतके कष्ट करून हाती काय लागतं? बहुतेक वेळा चंदीवैरण. पागेतल्या घोड्यांना किती हरभरा दिला, कुठल्या गावाने वसुलात सूट मागितली, वतनाच्या वाट्यावरून कोणत्या भावकीचं फाटलं. पुण्याच्या पुरालेखागारात पेशवे दप्तराचे हजारो रुमाल आहेत. जाड कापडात बांधलेली ती गाठोडी, रोजकीर्दी, घडण्या, ताळेबंद. गो. स. सरदेसायांनी १९३० ते १९३४ या काळात त्यातून निवडक कागद ४५ खंडांत छापले, तरी बाकीचा ढीग तसाच राहिला. त्याआधी, १८९८ साली राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड निघाला, तो वाईत सापडलेल्या पत्रांमुळे, आणि पुढे त्याचे २२ खंड झाले. १९१० साली त्यांनी पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ काढलं, तिथेही मोडी शिकवली जाते. पण मालिका आणि सिनेमे पाहून वर्गाला येणाऱ्याला तलवार हवी असते. हरभऱ्याच्या तिसऱ्या यादीनंतर वर्ग निम्मा होतो. उरतात ते बहुधा बँकेतून निवृत्त झालेले, आणि मला तरी त्याचं आश्चर्य वाटत नाही.

हौसेची मोडी वेगळी. २०१४ मध्ये युनिकोडमध्ये मोडी आली, मग फाँट आले, आणि आता टी-शर्टवर, लग्नपत्रिकेवर, दंडावर गोंदलेली मोडी दिसते. हौसेला नाव ठेवायचं कारण नाही. पण तिथे शब्द सुटे असतात, वळण एकसारखं असतं. ती मोडीचा अंगरखा घातलेली देवनागरी आहे. ती वाचता आली म्हणून रुमालातला कागद वाचता येईल असं नाही.

सप्टेंबर २०२३ पासून मात्र बाईंच्या दारात वेगळीच माणसं येऊ लागली. मराठा समाजातल्या कुणबी नोंदी शोधायला न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली आणि जुनी दप्तरं गावोगाव उघडली. कोतवाल बुकं, जन्म-मृत्यूच्या नोंदी, शाळांची जनरल रजिस्टरं. मराठवाड्यातली निजामकाळची बरीच उर्दूत, इकडची मोडीत. कुणबी दाखल्यासाठी पुरावा १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा लागतो, म्हणजे पणजोबांच्या नोंदीपर्यंत जाणं आलं. वर्षानुवर्षं ज्यांना कुणी विचारत नव्हतं त्या मोडी वाचणाऱ्यांना एकाएकी भाव आला.

त्या दिवसांत मी बाईंच्या शेजारी बसून लिप्यंतर उतरवून घेत असे. एका गृहस्थांनी मोबाइलवर फोटो आणला होता. कोतवाल बुकाचं पान, टाकाने लिहिलेलं, शाई कडेला फुटलेली. पणजोबांचं नाव स्पष्ट होतं. जातीच्या रकान्यात नुसतं ‘कु’ आणि पुढे एक आडवा फराटा. बाईंनी फोटो मोठा केला, मग त्याच पानावरच्या बाकीच्या नोंदी एकेक करून वाचल्या. हा लिहिणारा अनुस्वार देतच नव्हता. ‘गंगाराम’सुद्धा त्याने ‘गगाराम’ लिहिला होता. म्हणजे ‘कु’ हा कुणब्याचा असेल, तसाच कुंभाराचाही असू शकेल. पानावर दोन्हीपैकी एकही शब्द पुरा लिहिलेला नव्हता.

बाईंनी लिप्यंतरात चौकटी कंस घालून ‘कु[णबी?]’ असं लिहिलं.

“मॅडम, ते प्रश्नचिन्ह तेवढं काढा की. आमचं सगळं गाव सांगेल.”

“गाव सांगेल हो. मला कागदानं सांगायला हवं. याच घराची दुसरी नोंद आणा, जन्माची नसेल तर मरणाची. अलीकडचं-पलीकडचं साल चालेल, हात मात्र हाच पाहिजे. कुठेतरी त्यानं शब्द पुरा लिहिला असेल.”

“आणि कुंभार निघालं तर?”

“तर तसं लिहून देईन.”

गृहस्थ थोडे घुटमळले. मग त्यांनी कुठली कुठली सालं मागायची ते बाईंकडून चिठ्ठीवर लिहून घेतलं आणि तहसिलाच्या अभिलेख कक्षाकडे निघाले, नकलांचे अर्ज घ्यायची वेळ टळायच्या आत.