आजाराचे आकडे – लेखांक ९ : जखम भरल्यानंतरचा ‘एस’

दुखापतीच्या कोडमधल्या सातव्या जागेची ओळख आपण गेल्या आठवड्यात करून घेतली. मुख्य उपचार चालू असेपर्यंत तिथे ‘ए’, जखम भरत असताना ‘डी’. तिसरं अक्षर, ‘एस’, मी मुद्दाम मागे ठेवलं होतं. ते सीक्वेलाचं आहे, म्हणजे मूळ इजा मिटल्यावर मागे राहिलेल्या परिणामाचं. भाजलेल्या माणसाच्या नोंदीत ते नीट समजून घ्यावं लागतं, कारण भाजण्याचा खरा त्रास पुष्कळदा जखम भरल्यावर सुरू होतो.

उदाहरणापुरता न्यू जर्सीतल्या हॉटेलातला एक आचारी घेऊ. कढईतलं तेल उजव्या हातावर आलं, थर्ड डिग्रीचं भाजलं. त्वचारोपण झालं, जखम भरली. वर्षभरानंतर तो पुन्हा डॉक्टरांसमोर बसला आहे, कारण मूठ उघडत नाही. अमेरिकी रुग्णालयांच्या कोडिंगचं बरंच काम आपल्याकडे होतं, त्यामुळे ही नोंद पुण्यातल्या एखाद्या कोडर मुलीच्या स्क्रीनवर उघडू शकते.

नवशिक्याचा हात आधी भाजल्याच्या कोडकडे जातो. इथे क्रम उलटा आहे. रुग्ण आज जे घेऊन आला ते आधी, ते कशामुळे झालं ते नंतर. म्हणून पहिला कोड एम२४.५४१, उजव्या हाताचा सांधा आखडणे. दुसरा टी२३.३०१एस, उजव्या हाताचं थर्ड डिग्री भाजणं. ‘एस’ या दुसऱ्यालाच लागतो, आखडण्याच्या कोडला नाही. मग कारण सांगणारा एक्स१०.२एक्सएक्सएस, गरम तेलाचा संपर्क. मधले दोन ‘एक्स’ फक्त जागा भरतात, म्हणजे ‘एस’ बरोबर सातव्या घरात बसतो.

आता अडचण. आखडलंय ते काय? सांधा असेल तर एम२४.५४१. वरची कातडी व्रणामुळे ओढली गेली असेल तर एल९०.५. व्रण जाड होऊन वर आला असेल, केलॉइड असेल, तर एल९१.०. फोटो बघून कोडरने हे ठरवायचं नसतं. डॉक्टरांनी लिहिलेलं असावं लागतं. आपल्याकडचे प्लास्टिक सर्जन ‘पोस्ट बर्न काँट्रॅक्चर’ म्हणतात. त्यातल्या पहिल्या दोन शब्दांवर सगळी मदार आहे, कारण आजची तक्रार जुन्या भाजण्याशी तेच जोडतात. केसपेपरवर नुसतं ‘बोटं आखडलेली’ असेल, तर डॉक्टरांना लेखी विचारणा पाठवण्यावाचून गत्यंतर नाही. ती पाठवायला संकोच करू नका, असं मी प्रत्येक नव्या कोडरला सांगेन.

एकाच कागदावर ‘डी’ आणि ‘एस’ दोन्ही दिसले तर दचकू नका. भाजलेल्या अंगाचे सगळे भाग सारख्या वेगाने भरत नाहीत. मानेवरचा व्रण जुना झालेला असतो आणि त्याच वेळी छातीवरचं रोपण अजून ओलं असतं. अमेरिकी नियम अशा दुहेरी नोंदीला स्पष्ट परवानगी देतात. न भरलेली जखम मात्र कितीही जुनी असली तरी ताजी इजा म्हणूनच मोजतात.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार-वर्गीकरणाच्या (आयसीडी) मूळ दहाव्या आवृत्तीत हे सातवं घरच नाही. तिथे भाजण्याचे उशिराचे परिणाम टी९५ खाली येतात आणि हाताचे सगळे टी९५.२ मध्ये. उजवा की डावा, किती खोल, हे त्यात कळत नाही. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केलेली पद्धत किचकट आहे खरी, पण मला तीच रुग्णाशी जास्त प्रामाणिक वाटते.

‘एस’ला मुदत नाही. भाजल्याच्या जुन्या व्रणात कित्येक वर्षांनी कर्करोग होऊ शकतो. फ्रेंच शल्यविशारद मार्जोलिन यांनी १८२८ मध्ये व्रणात होणाऱ्या अल्सरचं वर्णन केलं, म्हणून त्याला मार्जोलिन अल्सर म्हणतात. तेव्हाही आधी कर्करोगाचा कोड, मागून त्या जुन्या भाजण्याचा, ‘एस’सह.

रसायनाने भाजणं वेगळं धरतात. अ‍ॅसिड असेल तर टी५४.२ हा कोड येतो आणि त्याचं सहावं घर हेतू सांगतं: १ म्हणजे अपघात, २ म्हणजे स्वतःहून, ३ म्हणजे हल्ला. हल्ल्यातून वाचलेली बाई दहा वर्षांनी पापणीच्या शस्त्रक्रियेला आली तरी तिच्या नोंदीत टी५४.२एक्स३एस यायला हवा. आपल्या २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यानेही अ‍ॅसिड हल्ल्यातील पीडितांना स्वतंत्र स्थान दिलं आहे. पण हेतू कागदावर लिहिलेलाच नसेल, तर नियम सांगतो की अपघात समजा. म्हणजे डॉक्टरांनी एक शब्द गाळला की ३ च्या जागी १ बसतो, आणि पुढच्या प्रत्येक भेटीत तोच १ उतरवला जाण्याची भीती असते.