सेनापती, राष्ट्राध्यक्ष, सभापती

आपल्याकडे लोकसभेचा अध्यक्ष आधी खासदार असावा लागतो. फिजीत नेमके उलटे आहे. तिथे सभापती खासदार असून चालत नाही. निवडणूक लढवायला पात्र असलेली, पण सभागृहाबाहेरची व्यक्ती खासदार बहुमताने निवडतात आणि खुर्चीवर बसवतात. सभापतीला मत नाही, मतदारसंघ नाही, पक्षाचा व्हिप नाही. तटस्थतेसाठी याहून चांगली तरतूद कागदावर करता येणार नाही. ती प्रत्यक्षात किती टिकली, हे रातू एपेली नाइलातिकाऊ यांच्या कारकिर्दीतून जितके स्पष्ट दिसते तितके दुसऱ्या कोणाच्या नाही. ते दोनदा सभापती झाले: २००१ ते २००६ आणि २०१९ ते २०२२. मधल्या काळात ते परराष्ट्रमंत्री झाले, सहा वर्षे राष्ट्राध्यक्षही होते. त्याही आधी ते देशाचे सेनापती होते आणि ते पद त्यांच्याच हाताखालच्या अधिकाऱ्यामुळे गेले.

त्यांचा जन्म १९४१चा, घराणे थाकोंबाऊंचे. याच घराण्याच्या रातू सेरू थाकोंबाऊंनी इतर सरदारांसह १८७४ मध्ये लेवुका इथे फिजी ब्रिटिशांच्या स्वाधीन केले. पाच वर्षांनी, १४ मे १८७९ रोजी, कलकत्त्याहून निघालेले ‘लिओनिडास’ जहाज पहिले गिरमिटिये, म्हणजे करारबद्ध मजूर, घेऊन त्याच लेवुकाला लागले. १९१६ पर्यंत साठ हजारांवर माणसे उसाच्या मळ्यांत राबायला आणली गेली. ही प्रथा बंद करा, असा ठराव १९१२ मध्ये गोपाळ कृष्ण गोखल्यांनी केंद्रीय कायदेमंडळात मांडला होता. सरकारने तो फेटाळला, पण प्रथा मोडायला सुरुवात तिथूनच झाली. फिजीचे पुढचे सगळे राजकारण मूळचे फिजियन आणि गिरमिटियांचे वंशज यांच्यातल्या ताणावर उभे राहिले. ‘रातू’ ही सरदारांची पदवी नावाआधी लावणारा माणूस या राजकारणाबाहेर राहूच शकत नव्हता.

नाइलातिकाऊ लष्करात गेले, न्यूझीलंडच्या पलटणीबरोबर सारावाकमध्ये राहिले आणि १९८२ मध्ये सेनाप्रमुख झाले. १९८७च्या निवडणुकीत डॉ. तिमोदी बावद्रांचे सरकार आले. पंतप्रधान मूळचे फिजियन होते, पण त्यांना निवडून देणारे बहुसंख्य मतदार भारतीय वंशाचे होते. जेमतेम महिना गेला आणि १४ मे रोजी सकाळी दहाच्या सुमारास, सुव्हातल्या गव्हर्न्मेंट बिल्डिंग्जमधल्या सभागृहात कामकाज सुरू असताना मुखवटे घातलेले सैनिक आत घुसले. प्रेक्षक सज्जात बसलेले लेफ्टनंट कर्नल सितिवेनी राबुका उठून पुढे आले. पंतप्रधान आणि त्यांचे सहकारी खासदार बंदुकीच्या धाकाने बाहेर नेले गेले. ‘लिओनिडास’ लागल्याला त्या दिवशी बरोबर १०८ वर्षे झाली होती. सेनाप्रमुख नाइलातिकाऊ त्या वेळी ऑस्ट्रेलियात होते. ते परत आले तोवर सेना राबुकांची झाली होती. ते लष्करातून बाहेर पडले आणि १९८८ पासून आठ वर्षे लंडनला उच्चायुक्त राहिले.

दुसरा घाव घरातच बसला. १९ मे २००० रोजी जॉर्ज स्पाईट आणि त्याच्या हत्यारबंद साथीदारांनी संसदेत घुसून महेंद्र चौधरींचे अख्खे सरकार ओलीस धरले. चौधरी फिजीचे पहिले भारतीय वंशाचे पंतप्रधान. ओलिसांमध्ये त्यांच्या मंत्रिमंडळातल्या आदी कोइला मारा होत्या, म्हणजे नाइलातिकाऊंच्या पत्नी आणि तत्कालीन राष्ट्राध्यक्ष रातू मारांच्या कन्या. हा प्रकार ५६ दिवस चालला. दरम्यान लष्कराने हंगामी पंतप्रधान म्हणून नाइलातिकाऊंचे नाव पुढे केले. स्पाईटच्या गटाला ते नको होते, म्हणून मागे घेतले. लैसेनिया करासे पंतप्रधान झाले आणि नाइलातिकाऊ उपपंतप्रधान.

२००१ ला निवडणूक झाली आणि ते सभापती झाले. हा काळ मला त्यांच्या आयुष्यातला सर्वांत कसोटीचा वाटतो. ७१ जणांच्या सभागृहात करासेंचा पक्ष ३२ आणि चौधरींचा लेबर पक्ष २७. दहा टक्के जागा मिळवणाऱ्या पक्षाला मंत्रिमंडळात घ्यायचे, असे राज्यघटना सांगत होती आणि करासे घ्यायला तयार नव्हते. वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि २००३ मध्ये निकाल चौधरींच्या बाजूने लागला. पुढच्या वर्षी उपसभापती रातू राकुइता वाकालालाबुरे यांनाच तुरुंगवास झाला, कारण स्पाईटच्या बंडखोर सरकारात त्यांनी मंत्री म्हणून शपथ घेतली होती. सभापतीची पत्नी ज्या बंडात ओलीस होती, त्याच बंडात उपसभापती सामील! आणि २००५ मध्ये सरकारने सलोख्याच्या नावाखाली असे विधेयक आणले की त्यातून बंडखोरांना माफी मिळाली असती. नाइलातिकाऊंना या सगळ्यावरची चर्चा खुर्चीत बसून ऐकायची होती, सगळ्यांना बोलू द्यायचे होते. सभागृह मोडले नाही, पाच वर्षे चालले. याचे श्रेय त्यांना द्यायलाच हवे. याच काळात त्यांनी आणखी एक काम अंगावर घेतले. एचआयव्ही-एड्सबद्दल फिजीत चारचौघांत बोलायला लोक कचरत असताना हा सरदार घराण्यातला माजी सेनापती त्यावर उघडपणे बोलत राहिला.

२००६च्या मे महिन्यातल्या निवडणुकीनंतर सभापतिपद पिता नाकुवा यांच्याकडे गेले. डिसेंबरात सेनाप्रमुख फ्रँक बैनीमारामा यांनी करासे सरकार उलथवले, संसद बरखास्त झाली. आणि जानेवारी २००७ मध्ये नाइलातिकाऊ बैनीमारामांच्या हंगामी सरकारात परराष्ट्रमंत्री झाले.

इथे मात्र मला त्यांचे समर्थन करता येत नाही. करासे सरकारची धोरणे भारतीय वंशाच्या लोकांवर अन्याय करणारी होती, बंडखोरांना माफी देणे गैर होते, हे सगळे मान्य. पण १९८७ मध्ये स्वतः बंडाचा फटका खाल्लेला, २००० मध्ये पत्नीला ओलीस पाहिलेला, पाच वर्षे सभापती राहिलेला माणूस संसद बंद पाडणाऱ्यांच्या मंत्रिमंडळात बसला. त्यांच्यासारख्याने नकार दिला असता तर त्या नकाराला देशात वजन होते.

एप्रिल २००९ मध्ये अपील न्यायालयाने बैनीमारामांचे सरकार बेकायदा ठरवले. दुसऱ्याच दिवशी राष्ट्राध्यक्ष इलोइलोंनी राज्यघटनाच रद्द केली. आठवड्याभरात नाइलातिकाऊ उपराष्ट्राध्यक्ष झाले आणि जुलैअखेर राष्ट्राध्यक्षपद त्यांच्याकडे आले. पुढची काही वर्षे देश वटहुकमांवर चालला. २०१३ची नवी राज्यघटना त्यांच्याच सहीने लागू झाली. सप्टेंबर २०१४ मध्ये निवडणूक झाली, संसद पुन्हा गव्हर्न्मेंट बिल्डिंग्जमध्ये भरू लागली आणि डॉ. जिको लुवेनी फिजीच्या पहिल्या महिला सभापती झाल्या. डिसेंबर २०१८ मध्ये पदावर असतानाच त्यांचे निधन झाले. २०१५ मध्ये राष्ट्राध्यक्षपदावरून उतरलेले नाइलातिकाऊ फेब्रुवारी २०१९ मध्ये त्यांच्या जागी आले.

या वेळी सभागृहात कोण कुठे बसले होते ते पाहा. सत्ताधारी बाकांवर पंतप्रधान बैनीमारामा, २००६चे बंड करणारे. समोर विरोधी पक्षनेते राबुका, १९८७चे बंड करणारे. मध्ये सभापतीच्या खुर्चीत त्याच राबुकांमुळे सेनापतिपद गेलेले आणि बैनीमारामांच्या राजवटीत राष्ट्राध्यक्ष झालेले नाइलातिकाऊ. आणि ही जागा तीच, जिथे १९८७ मध्ये मुखवटेवाले सैनिक शिरले होते. तरी राबुका बोलायला उभे राहिले की सभापतींना उद्देशून बोलत आणि सभापती त्यांना वेळ देत. सूड नाही, टोमणे नाहीत. फिजीच्या इतिहासात ही गोष्ट लहान नाही.

पण सभापतीला मत नसले की काय होते, तेही याच काळात दिसले. ऑगस्ट २०१९ मध्ये संसदेच्या आवारात पंतप्रधानांनी आपल्याला धरले, आपला चष्मा मोडला, असा आरोप विरोधी खासदार पिओ तिकोदुआदुआ यांनी केला. प्रकरण हक्कभंग समितीकडे गेले. पंतप्रधानांनी माफी मागितली आणि विषय संपला. तिकोदुआदुआंनी आपल्या वक्तव्याबद्दल माफी मागायला नकार दिला, तर बहुमताने त्यांना सहा महिने निलंबित केले. त्याआधी लुवेनींच्या काळात, २०१५ मध्ये, सभापतींबद्दल अनुदार बोलल्याबद्दल खासदार रातू नाइकामा लालाबलावू दोन वर्षे बाहेर होते. त्यांच्या मतदारांचा आवाज तितका काळ सभागृहात नव्हता.

डिसेंबर २०२२च्या निवडणुकीत कोणालाच बहुमत मिळाले नाही. २४ डिसेंबरला २८ विरुद्ध २७ अशा एका मताच्या फरकाने राबुका पंतप्रधान झाले. त्याच दिवशी, तितक्याच फरकाने, नवे सभापती निवडले गेले आणि नाइलातिकाऊंची कारकीर्द संपली. तिकोदुआदुआ गृहमंत्री झाले. फेब्रुवारी २०२३ मध्ये राष्ट्राध्यक्षांवर केलेल्या टीकेसाठी बैनीमारामांना नव्या बहुमताने तीन वर्षांसाठी निलंबित केले. नवे सभापती होते २०१५ मध्ये निलंबित झालेले लालाबलावू. २०२४ मध्ये संसदेने त्यांना फिजीचे राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून दिले.