एकाच डोंगरातले बंडखोर आणि शिपाई

जव्हारला येणारा पर्यटक जयविलास राजवाडा, हनुमान पॉइंट आणि दाभोसा धबधबा पाहून परततो. ही ठिकाणं पाहावीतच. पण जव्हारहून मोखाडा आणि तिथून पुढे तोरंगण घाटाने त्र्यंबकेश्वरला जाणारा रस्ता वाकडी वाट करून पाहावा असा आहे. या रस्त्याच्या वरच्या अंगाला १८५७ च्या डिसेंबरात एकाच डोंगरातली माणसं बंदुकीच्या दोन्ही टोकांना उभी होती.

जव्हार हे महादेव कोळी समाजातल्या मुकणे घराण्याचं संस्थान. जयबा मुकणे हे मूळ पुरुष. दिल्लीच्या सुलतानाने १३४३ मध्ये त्यांचे पुत्र नेमशहा यांना राजा म्हणून मान्यता दिली. जानेवारी १६६४ मध्ये सुरतेवर जाताना शिवाजी महाराज आणि जव्हारचे विक्रमशहा यांची शिरपामाळ इथे भेट झाली, असं इथली माणसं आजही अभिमानाने सांगतात. इंग्रजी अमलात जव्हार राजाकडे राहिलं. शेजारचा मोखाडा मात्र खालसा मुलूख, ठाणे जिल्ह्यातल्या शहापूर तालुक्याचा पेटा, म्हणजे उपविभाग. घाटापलीकडे पेठचं संस्थान होतं.

महादेव कोळ्यांचं इंग्रजांशी जुनं वैर. त्यांचे बंडखोर नेते राघोजी भांगरे यांना २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली होती. त्याला दहा वर्षंही झाली नव्हती, तोच ऑक्टोबर १८५७ मध्ये नांदूर शिंगोटे इथे भिल्लांचे पुढारी भागोजी नाईक यांच्याशी झालेल्या चकमकीत इंग्रज पोलीस अधिकारी लेफ्टनंट हेन्री मारला गेला. भिल्लांपाठोपाठ कोळीही उठतील, ही सरकारला धास्ती. म्हणून कॅप्टन नटॉलने नगर-नाशिकच्या डोंगरांतल्या कोळ्यांनाच भरती करून पायदळ उभं केलं. हीच ती कोळी पलटण. जावजी नाईक बांबळे तिचे म्होरके. पुढे ती सहाशे जणांची झाली.

या शिपायाला डोळ्यांसमोर आणून पाहा. डोक्याला गडद हिरवा फेटा, अंगात हिरवा अंगरखा, गुडघ्यापर्यंत गुंडाळलेलं गडद लाल धोतर, पायात वहाणा. तंबू नाही, सामानाची गाडी नाही. सगळा संसार पाठीवरच्या पिशवीत. स्वयंपाकाची भांडी चालताना आपापसात वाटून घ्यायची. दारूगोळा आणि शिधा घेऊन खडकाळ वाटेने दिवसाला तीस-चाळीस मैल चालायचं, आणि मुक्कामाला पोचल्यावर आधी बंदूक पुसायची. या चालीमागे सरकारी कवायत थोडीच. बाकी सगळं बळ डोंगराने लहानपणापासून दिलेलं.

डिसेंबर १८५७ च्या पहिल्या आठवड्यात डोंगरातल्या बंडखोरांनी त्र्यंबकच्या खजिन्यावर हल्ला केला, हरसूलचा बाजार लुटला गेला आणि पेठ पेटलं. ते शमवायला याच पलटणीची माणसं गेली. पेठच्या राजघराण्याशी नातं असलेले भगवंतराव आणि त्यांचे पंधराएक साथीदार यांना फासावर चढवण्यात आलं. मार्च १८६१ मध्ये पलटण मोडली. थोडे पोलिसांत गेले. बाकीच्यांनी पुन्हा शेती आणि मोलमजुरी धरली. नंतरच्या सरकारी गॅझेटिअरने त्यांच्या शिस्तीची आणि धाडसाची भरभरून स्तुती केली. पण पलटण मोडली तेव्हा बहुतेकांच्या वाट्याला पुन्हा तीच नाचणी-वरईची शेती आली.

सैन्याशी या डोंगराचं नातं तिथेच संपलं नाही. दुसऱ्या महायुद्धात जव्हारचे राजे यशवंतराव मुकणे यांनी हवाई दलात फ्लाइट लेफ्टनंट म्हणून काम केलं. १९४८ मध्ये संस्थान मुंबई प्रांतात विलीन झालं. २०१४ मध्ये नवा पालघर जिल्हा झाला, तेव्हा जव्हार आणि मोखाडा हे तालुके त्यात आले.

फासावर गेलेले आणि फास आवळणाऱ्या सरकारची बंदूक खांद्यावर घेतलेले, दोघेही याच डोंगराचे. पहिल्यांना मानाचं स्थान हवं, यात शंका नाही. पण दुसऱ्यांना गद्दार म्हणून मोकळं होणं सोपं असलं तरी न्याय्य नाही. ज्या घरात वर्षभराचं धान्य पुरत नव्हतं, तिथे पगाराची पलटण हा जगण्याचा मार्ग होता.

राजवाडा पाहायला जव्हारला याल तेव्हा अर्धा दिवस जास्तीचा ठेवा. मोखाड्यावरून तोरंगण घाट चढा, हरसूलच्या बाजारात थांबा आणि दोन्ही बाजूंच्या माणसांची आठवण मुलांना सांगा.