रेतीची वाट अडली

नव्या मुंबईत घर घ्यायला निघालेला माणूस दोन प्रश्न हमखास विचारतो. स्टेशन किती लांब आहे, आणि पाणी किती वेळ येतं? दोन्हींची उत्तरं मनासारखी मिळाली की तो टोकन देऊन मोकळा होतो. या भिंतींतली रेती कुठल्या नदीतली, कुठल्या खाडीतली, असं विचारणारं गिऱ्हाईक अजून माझ्या पाहण्यात नाही. कुणी विचारलंच तर बिल्डर त्याला वेड्यात काढील. पण पाणी आणि रेती ही एकाच नदीची भावंडं. एकाला धरणात अडवलं की दुसरंही तिथंच अडतं. पाणी आपण नळातून मागून घेतो. रेती मात्र धरणाच्या पोटात राहते, आणि खालची नदी तिच्यावाचून कशी दिवस काढते याची चौकशी सहसा कुणी करत नाही.

मी पनवेलच्या बाजूला राहतो, त्यामुळं माझ्या ओळखीची नदी म्हणजे गाढी. माथेरान आणि प्रबळगड यांच्यामधल्या खोऱ्यातून ती उतरते, नेऱ्यावरून पनवेलला येते आणि खाडीला मिळते. एप्रिल-मे महिन्यांत तिच्याकडे पाहिलं तर ही नदी म्हणायची की नाला, असा प्रश्न पडावा. जुलैत तीच नदी माथेरानच्या माथ्यावरची तांबडी माती घेऊन दुधाच्या चहासारखी फुगून येते. २६ जुलै २००५ चा पूर पाहिलेल्या पनवेलकराला तिची ताकद वेगळी सांगायला नको.

कोकणातल्या नद्यांचं सगळं मोठं काम अशा मोजक्या दिवसांत उरकतं. वर्षभराचा बहुतेक गाळ आणि रेती पावसाळ्यातल्या थोड्याच पुरांत हलते. कारण पाण्याचा वेग दुप्पट झाला, तर त्याची रेती ओढून नेण्याची ताकद दुप्पट होत नाही. ती आठपट किंवा त्याहूनही जास्त होते. बाकीचे आठ-दहा महिने नदी नुसती वाहते. रेतीच्या दृष्टीनं ती झोपलेलीच असते.

पुरातला प्रत्येक कण मात्र सारख्याच चालीनं जात नाही. मिलिमीटरच्या सोळाव्या भागाहूनही बारीक असलेला गाळ पाण्यात तरंगत थेट खाडीपर्यंत जातो, जलद गाडीसारखा. तिथपासून दोन मिलिमीटरपर्यंतचा कण म्हणजे आपली रेती. ती कधी उचलली जाते, कधी टुणटुण उड्या मारत जाते, आणि जिथं पाणी जरा सैल पडतं तिथं उतरते. गोटे तर तळावरून गडगडत, रखडत जातात. वळणाच्या आतल्या बाजूला, मोठ्या दगडाच्या आडोशाला, दोन प्रवाह मिळतात तिथं पाण्याचा वेग मंदावतो आणि रेती मुक्काम करते. या मुक्कामालाच आपण रेतीचा पट्टा, भाट किंवा वाळवंट म्हणतो.

यातली एक गोष्ट नीट ध्यानात घेण्यासारखी आहे. रेतीचा पट्टा वर्षानुवर्षं त्याच जागी दिसतो, म्हणून तो स्थिर आहे असं आपल्याला वाटतं. प्रत्यक्षात तो वाशी स्टेशनच्या फलाटावरच्या गर्दीसारखा असतो. सकाळी साडेआठला गर्दी कालही होती, आजही आहे. पण माणसं तीच नाहीत. जितकी गाडीनं जातात, तितकी जिन्यावरून येतात, म्हणून फलाट भरलेला दिसतो. जिन्याचं दार बंद केलं आणि गाड्या चालू ठेवल्या, तर काय होईल? धरणाखालच्या नदीत नेमकं तेच होतं.

गाढीवर वरच्या अंगाला देहरंगचं धरण आहे. पनवेल नगरपालिका ही १८५२ सालची, राज्यातल्या सर्वांत जुन्यांपैकी एक. २०१६ मध्ये तिची महानगरपालिका झाली. जुन्या पनवेलची तहान बरीचशी या धरणानं भागवली. पण धरण लहान, खोरं तीव्र उताराचं आणि पाऊस धुवांधार. त्यामुळं ते गाळानं भरत आलं, उन्हाळ्यात तळ दाखवू लागलं आणि त्यातला गाळ काढण्याच्या गोष्टी दर उन्हाळ्यात निघू लागल्या. वाहतं पाणी जलाशयाच्या थोपलेल्या पाण्यात शिरलं की त्याचा वेग एकदम मरतो. आधी गोटे बसतात, मग रेती. बारीक गाळ भिंतीपर्यंत जातो, लोण्यासारखा साचतो आणि त्यातला काही पुराबरोबर सांडव्यावरून निसटतोही. म्हणजे धरणाच्या चाळणीतून माती थोडीफार सुटते, पण रेती सुटत नाही.

खाली जातं ते पाणी निवळ असतं. आपल्याला निवळ पाणी म्हणजे चांगलं पाणी. नदीचं तसं नाही. रेती ओढण्याची ताकद अंगात आहे आणि ओढायला रेती नाही, असं पाणी स्वस्थ बसत नाही. ते स्वतःचा तळ आणि काठ खरवडू लागतं. कॅलिफोर्नियातले नदीअभ्यासक मॅट कोंडोल्फ यांनी १९९७ साली अशा पाण्याला ‘भुकेलं पाणी’ म्हटलं, आणि तो शब्द जगभर रुळला. आधी बारीक रेती जाते. मग उरतात ते न हलणारे गोटे, आणि तळाला दगडी चिलखत चढतं. मधल्या आकाराचे पूर धरणात जिरल्यामुळं उरल्यासुरल्या उंच पट्ट्यांवर पाणी चढत नाही. तिथं बेशरम आणि वेड्या बाभळीचं रान माजतं. नदी एकीकडं खोल जाते आणि दुसरीकडं आक्रसते.

नव्या मुंबईच्या नळाला येणारं पाणी मुख्यतः मोरबे धरणाचं. खालापूर तालुक्यात धावरी नदीवरचं हे धरण महापालिकेच्या मालकीचं आहे. पाण्यानं ८८ मीटरची पातळी गाठली की ‘मोरबे भरलं’ ही बातमी येते आणि आपण वर्षाची काळजी सोडतो. धावरी पुढं पाताळगंगेला मिळते. पाताळगंगेची तऱ्हा आणखी निराळी. टाटांचं खोपोलीचं वीजघर १९१५ साली सुरू झालं. लोणावळ्याच्या बाजूच्या तलावांत आपला गाळ ठेवून आलेलं, पाइपातून घाट उतरलेलं आणि वीज करून थकलेलं पाणी तेव्हापासून पाताळगंगेत सोडलं जातं. त्या पाण्यावर रसायनीची कारखानदारी उभी राहिली. कोकणातली नदी बारमाही वाहते याचं आपण कौतुक करतो, आणि ते करावंच. पण हे जादाचं पाणीही रिकाम्या हातानंच आलेलं असतं.

धरणानं जिन्याचं दार बंद केलं, तर दुसरीकडं फलाटावरची माणसं उचलून नेणारे आपण आहोतच. मुंब्र्याच्या रेतीबंदराच्या नावातच सगळं आलं. मुंबई, ठाणे आणि नवी मुंबई बांधताना उल्हास, ठाण्याची खाडी, पनवेलची खाडी यांच्या तळाची रेती ब्रासच्या हिशेबानं वर आली. एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट. पूर्वी मजूर बोटीतून जाऊन डुबी मारत, बादलीनं रेती वर काढत. हे काम अमानुष कष्टाचं. त्याचं गोडवं गाण्यात अर्थ नाही. पण माणसाच्या छातीत हवा मावेल तितकाच तो उपसा होता. पुढं सक्शन पंप आले आणि मोजमाप संपलं.

पंपानं खणलेला खोल खड्डा ही धरणाची उलटी आवृत्ती असते. वरून येणारी रेती त्या खड्ड्यात पडते आणि पुढं जात नाही. शिवाय खड्ड्याच्या वरच्या कडेवरून पाणी जोरात पडत असल्यानं ती कड ढासळते, आणि ढासळत ढासळत प्रवाहाच्या उलट दिशेनं वर सरकत जाते. वाटेत पूल असेल तर त्याच्या खांबांचे पाय उघडे पडतात; काठच्या विहिरींचं पाणी उतरतं, कारण नदीतली रेती हीच त्यांची टाकी असते. कायद्यानं याची दखल उशिरा का होईना घेतली. मुंबई उच्च न्यायालयानं २०१० मध्ये वाळूउपशाला बंदी घातली, सर्वोच्च न्यायालयानं फेब्रुवारी २०१२ मध्ये लहान पट्ट्यांनाही पर्यावरण परवानगी बंधनकारक केली. राज्य सरकारनं २०२३ मध्ये डेपोतून सहाशे रुपये ब्रासनं वाळू द्यायचं ठरवलं, आणि २०२५ च्या धोरणात दगड दळून केलेल्या कृत्रिम वाळूवर भर दिला. माझ्या मते हे शेवटचं पाऊल सर्वांत शहाणपणाचं. मात्र त्या दगडासाठी टेकड्या फुटणार, हे पारसिकच्या डोंगराकडं पाहणाऱ्या आपल्याला कळायला हवं.

धरण आणि उपसा हे दोन्ही एकाच जागी पाहायचे असतील तर पंढरपूरला जावं. चंद्रभागेचं वाळवंट हे मराठी माणसाच्या मनातलं सर्वांत लाडकं वाळवंट. नदी चंद्रकोरीसारखी वळते, म्हणून तिथं भीमेची चंद्रभागा झाली. पंढरपूरच्या वरच्या अंगाला उजनी धरण १९८० साली पूर्ण झालं, ११७ टीएमसीचं. सोलापूर जिल्ह्याच्या शेतीचं त्यानं सोनं केलं, यात वाद नाही. वारीच्या दिवसांत चंद्रभागेला पाणी असावं म्हणून उजनीतून पाणी सोडण्याची प्रथाही पडली. सोडता येतं ते पाणी. रेती सोडता येत नाही. वर्षानुवर्षं वाळवंटातून बैलगाड्या, गाढवं आणि ट्रक भरून गेले, आणि तळात खड्डे राहिले. गुडघाभर पाणी समजून स्नानाला उतरलेल्या वारकऱ्याचा पाय अशा खड्ड्यात जातो, तेव्हा ती बातमी आपण ‘चंद्रभागेत बुडून मृत्यू’ या मथळ्याखाली वाचतो. नदीनं बुडवलं असंच वाटतं. खड्डा कुणी केला, हे मथळ्यात येत नाही.

मग रेती परत आणता येते का? याचा सर्वांत धीट प्रयोग अमेरिकेत झाला. कोलोरॅडो नदीवरचं ग्लेन कॅनियन धरण १९६३ मध्ये अडवलं गेलं आणि खालच्या ग्रँड कॅनियनमधले रेतीचे काठ झिजू लागले. तेव्हा २६ मार्च १९९६ रोजी धरणाचे दरवाजे मुद्दाम उघडले आणि सात दिवस ४५ हजार क्युसेकचा पूर सोडला. वीज बुडाली, टीका झाली. पण पूर ओसरल्यावर ठिकठिकाणी नवे रेतीचे काठ दिसले आणि वर्तमानपत्रांनी जल्लोष केला. काही महिन्यांत त्यातले बरेच पुन्हा वाहून गेले. पुरानं तळाशी साठलेली नवी रेती आणलीच नव्हती. जुन्याच काठांची रेती खालून काढून वर थापली होती. एका खिशातले पैसे दुसऱ्या खिशात टाकले, एवढंच.

त्यातून जे शिकणं झालं ते आपल्या कामाचं आहे. पारिया ही लहानशी उपनदी धरणाच्या खाली कोलोरॅडोला मिळते आणि पावसात भरपूर रेती आणते. पुढचे पूर, २००४ साली आणि २०१२ नंतर तर नियमानंच, पारियाची रेती आल्यावरच सोडण्यात येऊ लागले. आपल्याकडं उजनीच्या खाली नीरा-नरसिंहपूरला नीरा भीमेला मिळते. तिच्या खोऱ्यात भाटघर आणि वीर ही धरणं आहेत, पण वीरच्याही खाली तिला कऱ्हा आणि ओढे येऊन मिळतात. पंढरपूरला जी काही नवी रेती येईल ती मुख्यतः या वाटेनं. उजनीतून पाणी किती सोडायचं याचा हिशेब आपल्याकडं दररोज छापून येतो. नीरेची रेती केव्हा येते हे पाहून ते सोडावं, असा हिशेब मात्र कुणी मांडलेला माझ्या वाचनात नाही.

नव्या मुंबईत हाच प्रश्न खाडीच्या तोंडाशी येऊन थांबतो. भरतीचं पाणी बंदराकडून बारीक चिखल आणतं. पावसाळ्यातला नदीचा लोंढा तो परत बाहेर ढकलतो. वरचा लोंढा धरणात अडला, तर उधाणाचा असो की भांगाचा, चिखल आत येतच राहतो. चिखल अगदी वाईट नाही. फ्लेमिंगो त्यावरच जगतात, कांदळवन त्यातच वाढतं, आणि ठाण्याच्या खाडीला २०२२ मध्ये रामसर स्थळाचा मान मिळाला तो या दलदलीमुळंच. पण कोळ्याची बोट चिखलात चालत नाही, आणि उथळ झालेल्या खाडीत पुराला जागा कमी पडते. पनवेलच्या खाडीकाठी टेकडी कापून, उलवे नदीचा प्रवाह वळवून, जमीन उंचावून विमानतळ उभा राहिला. २५ डिसेंबर २०२५ रोजी तिथून विमानं उडू लागली. गाढीचा पूर आणि मोठी भरती एकाच तासाला आली तर पाणी कुठं जाणार, हा प्रश्न आता केवळ जुन्या पनवेलचा राहिलेला नाही.

उपाय अगदीच नाही असं नाही. चीनमध्ये पीत नदीवरचं सानमेनशिया धरण १९६० मध्ये पाणी अडवू लागलं आणि काही वर्षांत गाळानं कोंडलं. मग त्यांनी भिंतीत खालच्या अंगाला वाटा पाडल्या आणि नियम बदलला : पावसाळ्यातलं गढूळ पाणी जाऊ द्यायचं, नंतरचं निवळ पाणी साठवायचं. कोकणात पाऊस मुबलक आहे. जून-जुलैचे पहिले, सर्वांत गढूळ लोंढे तळाच्या दारातून जाऊ दिले आणि धरण ऑगस्टच्या पावसावर भरलं, तर रेतीला वाट मिळेल. त्यासाठी तळाला पुरेसं मोठं दार हवं, आणि जुलैत धरण रिकामं ठेवण्याची छाती असलेला अधिकारी हवा. ऑगस्टनं दगा दिला तर नळ कोरडे पडल्याचा जाब त्यालाच द्यावा लागेल, हे उघड आहे.

या पावसाळ्यानंतर, सप्टेंबरच्या अखेरीस, गाढीच्या एखाद्या वळणावर मुलांना घेऊन जा. आतल्या बाजूच्या पट्ट्यावर वरच्या टोकाची मूठभर रेती घ्या आणि खालच्या टोकाची मूठभर. वरची खरखरीत असेल, खालची पिठासारखी, कारण पाणी जसजसं सैल पडतं तसतसं ते हातातलं जड ओझं आधी टाकतं. पुढच्या वर्षी त्याच जागी पुन्हा जा. पट्टा कमी झाला की वाढला, हे मुलं पावलांनी मोजून सांगतील.