कारवीची मुदत

दाभोळच्या धक्क्यावरून फेरीबोट पलीकडच्या धोपावे गावाकडे निघते, तेव्हा तिच्याखालचे वाशिष्ठीचे पाणी समुद्राला मिळत असते. आज शांत असलेले हे बंदर बहमनी राजवटीत पश्चिम किनाऱ्यावरील नामांकित व्यापारपेठ होते. रशियन व्यापारी अफनासी निकितिन 1472च्या सुमारास येथूनच परतीच्या प्रवासाला लागला. 1508च्या डिसेंबरात पोर्तुगीज सेनानी अल्मेडाने हे शहर जाळले. पुढे सुरत आणि नंतर मुंबई मोठी झाली व दाभोळचा काळ मागे पडला. बंदरांना काळ असतो, पेढ्यांना असतो, तसाच वनस्पतींनाही असतो. काही वनस्पती तर आपली मुदत अशी काटेकोर पाळतात की जुन्या मुनीमजींनीही त्यांच्याकडून धडा घ्यावा.

काळ आणि वृक्ष यांचे नाते जैन परंपरेला नवे नाही. अवसर्पिणीच्या पहिल्या तीन आऱ्यांत मनुष्याच्या सर्व गरजा दहा प्रकारच्या कल्पवृक्षांनी भागत, असे शास्त्र सांगते. त्यांतील ज्योतिरंग वृक्षांचा प्रकाश एवढा प्रखर होता की त्यापुढे सूर्यचंद्र दिसतच नसत. तिसऱ्या आऱ्याच्या अखेरीस तो प्रकाश मंदावला आणि आकाशात प्रथमच दोन तेजोगोल दिसले. लोक भयभीत झाले. तेव्हा पहिले कुलकर प्रतिश्रुती यांनी त्यांची समजूत घातली, अशी कथा आचार्य जिनसेनांच्या आदिपुराणात आली आहे. झाडाचा प्रकाश सरला आणि माणसाला दिवस-रात्र मोजण्याची गरज पडली. पुढे भगवान ऋषभदेवांनी असि, मषी, कृषी, वाणिज्य यांची शिकवण दिली. हिशेबाची वही हातात आली ती कल्पवृक्ष गेल्यानंतर.

आजच्या पाचव्या आऱ्यात कल्पवृक्ष नाहीत. परंतु काळाचा हिशेब ठेवणारी एक वनस्पती सह्याद्रीत अजूनही आहे. ती म्हणजे कारवी. अडुळशाच्या कुळातील हे झुडूप पुरुषभर किंवा त्याहूनही उंच वाढते. कोकणातील कुडाच्या भिंती याच कारवीच्या काठ्यांच्या. त्यांवर शेणमातीचा गिलावा दिला की घर उभे राहते. सात वर्षे कारवी केवळ पाने धरते. आठव्या वर्षी, श्रावण-भाद्रपदाच्या सुमारास, डोंगरच्या डोंगर एकाच वेळी जांभळ्या-निळ्या फुलांनी भरून जातात. मुंबईच्या बोरिवली राष्ट्रीय उद्यानात 2008 साली असा फुलोरा आला आणि नंतर 2016 साली. दक्षिणेतील तिची बहीण नीलकुरिंजी बारा वर्षांनी फुलते. मुन्नारच्या टेकड्या 2006 आणि 2018 मध्ये निळ्या झाल्या होत्या.

सर्व झुडपे एकाच वर्षी का फुलतात? याचे कारण व्यापाऱ्याला चटकन उमगेल असे आहे. दरवर्षी थोडे थोडे बी पडले तर किडे, उंदीर आणि पाखरे ते सारे फस्त करतील. सात वर्षे काहीच न देता आठव्या वर्षी एवढे बी पाडायचे की खाणाऱ्यांची पोटे भरूनही पुष्कळ शिल्लक राहील, असा हा व्यवहार आहे. मधमाश्यांचीही त्या वर्षी चंगळ होते. मध जैन आचारात वर्ज्य असला, तरी माशीचे पोट त्या फुलांवरच भरायचे असते.

हीच रीत बांबूची. फक्त मुदत अधिक लांब. मिझोराममधील एका जातीचा बांबू सुमारे 48 वर्षांनी फुलतो. 1958-59 मध्ये तो फुलला, बी खाऊन उंदीर बेसुमार वाढले, बी संपताच ते शेतांत शिरले आणि दुष्काळ पडला. दुष्काळग्रस्तांच्या मदतीसाठी निघालेल्या संघटनेतून 1961 मध्ये राजकीय पक्ष उभा राहिला, पुढे सशस्त्र बंड झाले आणि 1986च्या करारानंतर ते शमले. एका फुलोऱ्याचे पडसाद पाव शतक उमटत राहिले. मात्र पुढचा फुलोरा 2007च्या सुमारास येणार हे ठाऊक असल्याने त्याची तयारी आधीच सुरू झाली होती. मुदतीची तारीख माहीत असण्याचा हा लाभ.

कारवीच्या बाबतीत मात्र ही तारीख ठाऊक असूनही एक चूक वारंवार होते. फुलल्यानंतर झुडूप वाळून जाते. वाळलेल्या काठ्या पाहून ते मेले असे वाटते आणि सरपणासाठी त्यावर कोयता पडतो, किंवा उन्हाळ्यात वणवा लागतो. वास्तविक त्या वाळक्या बोंडांत पुढच्या सात वर्षांची सारी पुंजी असते. ती बोंडे तडतडत फुटतात, बी उडते आणि पावसाबरोबर रुजते. मुदत ठेव मुदतीपूर्वी मोडली तर थोडे व्याज बुडते, मुद्दल तरी हाती येते. येथे मूळ झाड आधीच संपलेले असते. बीही जळाले, तर मुद्दलच जाते.

हे नुकसान डोंगरापुरते राहत नाही. कारवीची दाट मुळे उतारावरची माती धरून ठेवतात. उतार उघडा पडला की ती माती पावसाबरोबर ओढ्यांत, ओढ्यांतून वाशिष्ठीत येते. 22 जुलै 2021 रोजी चिपळूणच्या बाजारपेठेत पाणी शिरले, तेव्हा दुकानांत मालाबरोबर वह्याही भिजल्या आणि पाणी ओसरल्यावर चिखल तेवढा उरला. त्या पुराची कारणे अनेक होती, अतिवृष्टी त्यांत प्रमुख. तरीही नदीच्या पात्रात साचणारा गाळ डोंगरावरूनच येतो, आणि चिपळूणहून खाली वाहत तो शेवटी दाभोळच्या खाडीत पोहोचतो.

वनस्पतीही एकेंद्रिय जीव आहे, ही शिकवण जैन घरातील मुलाला लहानपणीच मिळते. तिला अभय देणे म्हणजे केवळ पान न तोडणे नव्हे. तिचा काळ पुरा होऊ देणे हेही त्यात आले. कुंभार्ली घाटातून कराडकडे जाताना कधी डोंगर निळे दिसले, तर ते वर्ष घरातील वहीच्या पहिल्या पानावर टिपून ठेवावे. पुढच्या उन्हाळ्यात तेथील वाळकी झुडपे पाहून कोणी कोयता उचलला, तर त्याला एवढेच सांगावे : पाऊस पडेपर्यंत थांबा. आठ वर्षांनी त्याच वाटेने नातवंडांना घेऊन जाता येईल.